माणसांच्या जवळ बसून केलेला सिनेमा : पोट भरतं का यावर? (भाचीसाठी विचारतेय)

साखळीकरीण

नमस्कार मंडळी. बरेच दिवस नुसती वाचत होते, आज गरज पडली म्हणून लिहितेय.

माझी भाची चोवीस वर्षांची. पणजीत एका जाहिरातीच्या कंपनीत व्हिडिओ एडिटिंग करते. पगार बरा आहे, कंपनीची गाडी सोडायला येते. गणपतीत सगळे घरी जमलो होतो. विसर्जनानंतर माटोळी (गणपतीवर बांधलेली फळापानांची चौकट) उतरवताना तिने सांगून टाकलं की मार्चमध्ये नोकरी सोडणार आणि स्वतःचे सिनेमे करणार. माझे भावोजी हातात नारळांचा घड घेऊन तसेच उभे राहिले. "म्हणजे लग्नाचे व्हिडिओ?" ती म्हणाली, "नाही बाबा. घरातल्या माणसांचे सिनेमे. यात काही घडतच नाही, असं तुम्हांला वाटेल तसले." त्यानंतर दोघं दोन दिवस एकमेकांशी बोलली नाहीत.

याचं मूळ मला ठाऊक आहे. २०२१च्या टाळेबंदीत तिने आईच्या मोबाइलवर 'दिठी' पाहिला. तेव्हापासून तो करणाऱ्या दिग्दर्शिका सुमित्रा भावे हे तिचं दैवत. तिच्या हट्टाने मीही 'अस्तु' आणि 'कासव' पाहिले. खरं सांगते, 'कासव' संपल्यावर मी बराच वेळ उठले नाही. असा सिनेमा कुणीतरी करायलाच हवा, हे मला पटलंय. पण तो आमच्याच घरातल्या पोरीने करायचा म्हटल्यावर पोटात गोळा येतो.

तर जाणकारांनी सांगा. सुमित्राताईंची वाटचाल नेमकी कशी झाली? दोन सिनेमांच्या मधल्या काळात घर कशावर चालतं? आणि पुण्यामुंबईला न जाता गोव्यात बसून हे जमतं का? मला घरी मध्यस्थी करायची आहे, तेव्हा गोड नको, खरं लिहा.

रायवळ

भावोजींना सांगा, पहिला कॅमेरा लग्नाच्या व्हिडिओंवरच येतो. :)

मांडवीकाठ

साखळीकरीण, भावोजींना सांगण्यासारखी पहिली गोष्ट ही, की सुमित्राताईंनी पहिला लघुपट केला तेव्हा त्या बेचाळीस वर्षांच्या होत्या. जन्म १९४३चा, पुण्यातला. 'बाई' १९८५चा. सिनेमाचं शिक्षण त्यांनी कुठल्याच संस्थेत घेतलं नव्हतं. टाटा समाजविज्ञान संस्थेत शिकल्या आणि पुढे पुण्यात कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवलं. वस्तीतल्या बायकांच्या आयुष्यावर त्यांचं काम चालू होतं. आठ दलित स्त्रियांनी स्वतःच्या तोंडाने सांगितलेल्या आयुष्यांचं त्यांचं इंग्रजी पुस्तक १९८८मध्ये आलं. पण ज्या बायकांचं ऐकायचं, त्यांतल्या कितीतरी जणींना वाचता येत नव्हतं. त्यांचं त्यांच्यापर्यंत परत पोचवायचं तर ते डोळ्यांना दिसायला आणि कानांना ऐकू यायला हवं, या गरजेतून त्या सिनेमाकडे आल्या. हे मला फार महत्त्वाचं वाटतं. आधी माणसं होती, कॅमेरा मागाहून आला.

'बाई'च्या वेळीच सुनील सुकथनकर त्यांना येऊन मिळाले. ते पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे. पुढची पस्तीस वर्षं दोघांनी मिळून काम केलं. लेखन प्रामुख्याने ताईंचं, गाणी सुनीलची, दिग्दर्शन दोघांचं. भाचीला असा कुणीतरी जोडीदार मिळणं हे चांगल्या कॅमेऱ्यापेक्षा मोठं आहे. मित्र, मैत्रीण, कुणीही चालेल, पण वाद घालून दुसऱ्या दिवशी परत कामाला येणारं हवं.

पहिला मोठा चित्रपट 'दोघी', तो १९९५चा. म्हणजे 'बाई'नंतर दहा वर्षांनी. मग 'दहावी फ', 'वास्तुपुरुष', 'देवराई', 'नितळ', 'एक कप च्या', 'संहिता', 'अस्तु'. 'कासव'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय सुवर्णकमळ मिळालं ते २०१७ साली. 'श्यामची आई', 'श्वास', 'देऊळ' आणि 'कोर्ट' यांच्यानंतर ते मिळवणारा हा पाचवा मराठी चित्रपट. 'बाई'पासून मोजा, बत्तीस वर्षं होतात.

घर कशावर चालतं, याचं उत्तर मधल्या जागांत आहे. त्या दोघांनी पन्नासहून अधिक लघुपट केले, मालिका केल्या. आरोग्य, शिक्षण, बायकांचे प्रश्न, असे विषय. मोठ्या चित्रपटांना पैसा प्रत्येक वेळी नव्या दारातून आला. 'दोघी'मागे एनएफडीसी, म्हणजे सरकारचं चित्रपट विकास महामंडळ होतं, 'अस्तु' आणि 'कासव'च्या निर्मितीत डॉ. मोहन आगाशे होते. एकदा नाव झालं की पैसे आपोआप येतात, असं या वाटेवर शेवटपर्यंत होत नाही. भाचीला हे आधीच ठाऊक असलेलं बरं.

तिसऱ्या_रांगेतला

मी जरा वेगळं बोलतो. मांडवीकाठ, तुमचा आदर आहे, पण भावे-सुकथनकरांच्या सिनेमात मला नेहमी एक शिक्षिका दिसते. 'नितळ'मध्ये कोड, 'देवराई'त स्किझोफ्रेनिया, 'अस्तु'त स्मृतिभ्रंश, 'कासव'मध्ये नैराश्य. प्रत्येक वेळी एक आजार आणि त्याभोवती समजूतदार माणसं. पात्रं छान बोलतात, पण कधीकधी समुपदेशकासारखी बोलतात. माणसाच्या जवळ जायचं तर त्याचा हलकटपणाही दिसायला हवा. भाचीने एकाच दैवताची पूजा करू नये, एवढंच म्हणणं. तिला जगभरचं बघू दे. नोव्हेंबरात इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, आपल्या दारात असते. २००४पासून गोव्यातल्या पोरांना जे घरबसल्या मिळतंय, त्यासाठी बाकीच्या देशातली पोरं रेल्वेने रात्र काढून येतात.

बकुळगंध

तिसऱ्या रांगेतले दादा, तुमचं म्हणणं 'नितळ'पुरतं मी एक वेळ मान्य करीन. 'अस्तु'पुरतं नाही.

माझ्या वडिलांना विसर पडायचा आजार होता. सहा वर्षं मी आणि वहिनीने काढली. ते म्हापशाच्या शाळेत संस्कृत शिकवायचे, त्यामुळे 'अस्तु'त आगाशेंनी केलेले, सगळं विसरत चाललेले संस्कृत पंडित शास्त्री पाहताना मला श्वास घेता येईना. सगळ्यांना ते ज्याच्या मागे निघून जातात तो हत्ती आठवतो. मला त्या माहुताची बायको आठवते, अमृता सुभाषने केलेली चन्नम्मा. या म्हाताऱ्याची भाषा तिला नीट येत नाही, तो किती मोठा पंडित हे तिला ठाऊक नाही, आणि ती त्याला लेकरासारखं भरवते. मुलगी घरी चिडते, थकते, अपराधी होते, कारण तिला आधीचे वडील आठवतात. चन्नम्माला आधीचं काही आठवायचंच नसतं.

हे मी माझ्या घरात पाहिलं होतं. बाबा माझ्या हातून औषध घ्यायचे नाहीत, पण भांडी घासायला येणारी बाय "घे रे पुता" म्हणाली की तोंड उघडायचे. मला त्याचा राग यायचा. आपल्याला राग येतो हे मी कुणाला सांगितलं नव्हतं. सिनेमा पाहून बाहेर आल्यावर वहिनीला सांगितलं. ती म्हणाली, मलापण यायचा.

यात मला शिकवण कुठे दिसली नाही.

तिसऱ्या_रांगेतला

बकुळगंध, हे वाचून 'अस्तु' पुन्हा बघणार आहे. 'नितळ'वर मात्र ठाम आहे.

खाजनवाला

पुण्याचं पुरे, गोव्याचं बोला की कुणीतरी! भाची साखळीची ना?

लक्ष्मीकांत शेटगांवकरांचा 'पलतडचो मुनिस' घ्या. कोंकणी, २००९चा. महाबळेश्वर सैल यांच्या कथानकावरचा. पश्चिम घाटातल्या रानात एकटा राहणारा विधुर वनरक्षक आणि त्याच्या दारी येणारी एक वेडी बाई. दोन माणसं, एक घर आणि गावाची नजर. याहून जवळचा सिनेमा कुठला असणार? टोरोंटोच्या महोत्सवात आंतरराष्ट्रीय समीक्षकांचं पारितोषिक घेऊन आला. नितीन भास्कर यांचा 'काजरो' प्रकाश पर्येकरांच्या कथेवरून केलेला, त्याला २०१९चं राष्ट्रीय पारितोषिक आहे. आणि पर्येकर सत्तरीचे, म्हणजे साखळीच्या शेजारचेच. भाचीला गोष्टी हव्या असतील तर पुण्याला जायची गरज नाही, कदंबच्या बसने सत्तरीत वाळपईला उतरायचं.

पैशांचं म्हणाल तर बार्द्रॉय बार्रेतोंचा 'नाचूंया कुंपासार' आठवा. तो लोकांकडून पैसे गोळा करून उभा राहिला आणि गावोगावच्या सभागृहांतून दाखवत नेला. आमच्या मडगावात लोक तीनतीनदा बघायला गेले. माझी आई पहिल्या गाण्यापासून गुणगुणत होती, पुढच्या बाकावरच्या म्हाताऱ्याने मागे वळून तिला साथ दिली.

घाटमाथा

पण हे सगळे कोंकणी सिनेमे. धागा मराठी सिनेमावर आहे ना? गोव्यात मराठीतून चित्रपट केला तर कोण उभं करून घेतं, हेही एकदा बोलायला हवं.

खाजनवाला

झालं सुरू. अहो, तुम्ही घरात कोणती भाषा बोलता? मी कोंकणीत भांडतो आणि मराठीत लिहितो. दोन्ही माझ्याच.

घाटमाथा

घरात कोंकणीच. पण आमच्या देवळातली आरती, भजन, कालोत्सवातलं नाटक, बाबांचं पत्र, सगळं मराठी. ते कुठल्या सिनेमात येणार, एवढाच प्रश्न आहे. भांडण नाही.

संपादक मंडळ

भाषावादासाठी वेगळा धागा आहे आणि तो कधीच मिटत नाही. इथे भाचीबद्दल बोलूया.

नाट्यवेडा फोंडा

घाटमाथा यांचा मुद्दा मात्र भाचीच्या उपयोगाचा आहे. पात्रं ज्या भाषेत जगतात त्या भाषेत बोलू द्यावीत. माझे काका आजीशी कोंकणीत बोलायचे, दशावतारात राजा झाले की मराठीत, कचेरीत अर्ज लिहायचे इंग्रजीत आणि जमिनीच्या जुन्या कागदावरचं पोर्तुगीज अक्षर अन् अक्षर लावायचे. एका माणसात चार भाषा, हे गोव्याचं घर. 'अस्तु'त चन्नम्माची कानडी आहे म्हणून ती खरी वाटते.

आणि नटांची काळजी करू नका. आपल्याकडे प्रत्येक वाड्यावर दोन तरी नट सापडतात. फक्त त्यांचा आवाज खाली आणायला महिना लागतो. शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची सवय असते ना! मी एका लघुपटात बाप झालो होतो. "पाणी दे" एवढंच वाक्य. दिग्दर्शिका म्हणाली, काका, पाणी फक्त सुनेकडे मागा, अख्ख्या फोंडा तालुक्याकडे नको.

ध्वनीवाला

मी ध्वनिमुद्रणाचं काम करतो. गोव्यात बाहेरून येणाऱ्या मोठ्या युनिटांबरोबर पोट भरतो आणि मधल्या दिवसांत आपल्या पोरांच्या छोट्या फिल्मा करतो. भाचीसाठी दोन व्यवहाराच्या गोष्टी.

घरातला सिनेमा स्वस्त असतो असं समजू नये. तो कमी पैशांत होतो, पण वेळ आणि शांतता खातो. एका जुन्या घरात आम्ही बारा दिवस होतो. पंखा बंद, फ्रीज बंद, कारण त्याची घरघर माणसाच्या हलक्या बोलण्यावर बसते. फ्रीज परत चालू करायला विसरलं की घरवाल्यांचे मासे गेले. त्यावर आमच्या धंद्यातली युक्ती अशी, की फ्रीज बंद करणाऱ्याने आपल्या गाडीची चावी फ्रीजमध्ये ठेवायची. चावीशिवाय घरी जाता येत नाही, म्हणजे फ्रीज उघडतोच.

आणि प्रत्येक खोलीचा रिकामा आवाज घ्यायचा. सगळ्यांनी असतील तिथे एक मिनिट गप्प. कौलांखालच्या खोलीचा आवाज स्लॅबखालच्या खोलीसारखा नसतो. पुढे एडिटिंगला दोन वाक्यांच्या मधे हा आवाज लागतो, नाहीतर मधे भोक पडल्यासारखं वाटतं. त्या घरात पहिल्या दिवशी आम्ही पंधरा माणसं मान खाली घालून गप्प उभे राहिलो. घरची आजी आतून आली, सगळ्यांकडे बघितलं आणि घाबरून विचारलं, "कोण गेलं रे?" इतकी माणसं एकदम गप्प तिने मयताच्या वेळीच पाहिली होती.

शेवटच्या दिवशी ती आपणहून ओसरीवर येऊन आमच्यात उभी राहिली. मिनिट संपल्यावर म्हणाली, "विहिरीच्या रहाटाचा आवाज ऐकू आला." रहाट काढून वीस वर्षं झाली होती. माझ्या हेडफोनमध्ये अर्थात नव्हता. तरी ते मुद्रण मी जपून ठेवलंय.

मांडवीकाठ

ध्वनीवाला, दंडवत.

शेळपाणी

'कासव'चा विषय निघालाय म्हणून. मी काणकोणचा. गालजीबागला ऑलिव्ह रिडले अंडी घालतात. आगोंद, मोरजी, मांद्रेलाही घालतात. वन खात्याची माणसं खड्ड्याभोवती कुंपण करून राखण करतात. मी तीन वर्षं रात्री त्यांच्याबरोबर बसलोय. मादी येते, मागच्या पायांनी खड्डा करते, शंभराच्या आसपास अंडी घालते, वाळू लोटते, अंगाने दाबते आणि निघून जाते. मागे वळून बघत नाही. पिलं पन्नासेक दिवसांनी निघतात आणि उजेडाच्या दिशेने धावतात. पूर्वी समुद्राच्या पाण्यावरचा उजेड असायचा. आता शॅकचे दिवे असले की बिचारी जमिनीकडे धावतात. म्हणून तिथे आम्ही टॉर्चवर लाल कागद लावतो.

'कासव' पाहिला तेव्हा मला वाटलं, यांनी किनाऱ्यावर येऊन नुसतं शूटिंग केलेलं नाही. आपल्या संतांनी कासवीच्या नजरेचा दृष्टान्त दिलाय, कासवी पिलांना दूध पाजत नाही, नुसत्या दृष्टीने वाढवते म्हणून. सिनेमातली जानकी त्या पोराला तशी सांभाळते. जवळ घेत नाही, प्रश्न विचारत नाही. घरात जागा देते आणि लांबून लक्ष ठेवते. त्याचं नावही विचारायची घाई करत नाही. मरायला निघालेल्या पोराला आपण काय करू? धरून बसवू, कारणं विचारू, देवाला नेऊ. ती यातलं काही करत नाही. हे दाखवायला धीर लागतो, कारण पडद्यावर काहीच होत नाही असं वाटू शकतं.

माझ्या पुतण्याचं असंच झालं होतं. जास्त लिहीत नाही. 'कासव' मी त्याच्या आईला दाखवला आणि तिने विचारायचं थांबवलं. पुतण्या आता बरा आहे, मडगावात नोकरी करतो.

बकुळगंध

शेळपाणी, पुतण्याला आशीर्वाद सांगा.

परतीची_वाट

सगळे इतकं छान लिहितायत आणि मी विरजण घालतेय असं वाटेल. पण साखळीकरीण, हे भाचीला नक्की वाचून दाखवा.

काही वर्षांपूर्वी आमच्या ओळखीतल्या एका मुलाने लघुपट केला. एका महोत्सवात दाखवला गेला, कौतुक झालं. तो माझ्या आत्याचा होता. नावं बदललेली, गाव बदललेलं. पण आत्या रोज दुपारी दारात उभी राहून कधीच न परतलेल्या नवऱ्याची वाट बघायची, तिची ती निळी साडी, पदराला बांधलेल्या किल्ल्या, सगळं जसंच्या तसं. आमच्या घरी येऊन, जेवून, तिच्याजवळ बसून त्याने सगळं ऐकून घेतलं होतं. विचारलं नाही. आत्याला कुणीतरी व्हॉट्सअ‍ॅपवर फिल्म पाठवली. तिने पाहिली. त्या दिवसापासून ती दारात उभी राहिली नाही. लोकांना वाटेल, बरं झालं, सुटली. तसं नाही हो. तिची ती जागा गेली.

फिल्म वाईट नव्हती. खरं तर चांगली होती. म्हणूनच जास्त लागलं. माणसांच्या जवळ जाण्याची ओढ मला कळते, पण जवळ गेलेल्याला हातात काय काय लागतं, आणि त्यातलं काय उचलायचं नाही, हे कोण शिकवतं?

रायवळ

... वाचून गप्प झालो.

तिसऱ्या_रांगेतला

ताई, वाईट वाटलं. पण एक प्रश्न मनापासून विचारतो. विचारून केला असता तर तो सिनेमा झाला असता का? आत्या हो म्हणाल्या असत्या?

परतीची_वाट

नसत्या म्हणाल्या. मग नसता झाला. एक सिनेमा नसता झाला तर काय बिघडत होतं?

मांडवीकाठ

मी परतीची_वाट यांच्या बाजूने आहे, आणि इथेच सुमित्राताईंकडे परत येतो. त्या आठ बायकांच्या पुस्तकात प्रत्येक बाई स्वतःच्या शब्दांत बोलते. पुढेही गोष्टींचं मूळ शोधायला त्या लोकांत वावरल्या, पण पडद्यावर आणलं ते रचलेलं. 'दिठी' तर दि. बा. मोकाशींच्या कथेवर आहे. पोरगा पुरात गेलेला रामजी लोहार, पावसाची रात्र, अडलेली गाय आणि भजनाला जमलेले सोबती. कथा कुणाची तरी उसनी, पण दुःखाशी बसायची रीत स्वतःची. कुणाच्या दारातून साडी उचलून आणलेली नाही.

भाचीला सांगा, जवळच्या माणसावर फिल्म करायची असेल तर पहिला कट, म्हणजे पहिल्यांदा जोडलेली फिल्म, त्याच माणसाला दाखव. तो नको म्हणाला तर ठेवून दे. यात वर्ष गेलं तरी जाऊ दे.

ध्वनीवाला

+१. आणि तोंडी होकारावर जाऊ नये. घरची माणसं भिडेखातर हो म्हणतात. चहा झाल्यावर परत विचारायचं, आठवड्याने परत विचारायचं.

रानभूल

धागा उशिरा पाहिला. मी अशा फिल्मा करते, पेडण्याची आहे. भावोजींना आकडे हवे असतील ना? माझी शेवटची फिल्म बावीस मिनिटांची, एक लाख चाळीस हजारांत झाली. त्यातले अडतीस हजार जेवण आणि गाड्यांवर गेले. कॅमेरा मैत्रिणीचा. नटांनी प्रवासखर्च तेवढा घेतला. परत आले ते एका पारितोषिकाचे पंचवीस हजार. म्हणजे फिल्म पोसत नाही, फिल्मला आपण पोसतो.

मला पोसतात ती बाकीची कामं. शाळांसाठी व्हिडिओ, स्वयंसाहाय्य गटांची माहितीपर फिती, मोसमात दहाबारा लग्नं. (रायवळ, तुम्ही थट्टेत लिहिलंत, पण लग्नांनी मला चेहरे बघायला शिकवलं. मुलीच्या आईकडे कॅमेरा ठेवायचा, कन्यादानाकडे बाकीचे ठेवतातच.) एका ठिकाणी अनुदान मंजूर होऊन दीड वर्ष हातात आलं नाही. तेव्हा बहिणीने पैसे दिले. त्यामुळे अनुदान मिळेल असं धरून तारखा लावू नयेत.

गोव्यात राहण्याचा फायदाही आहे. इफ्फीच्या दिवसांतच फिल्म बाजार भरतो, २००७पासून. तिथे लेखकांसाठी शिबिर असतं, अर्धवट झालेले चित्रपट जाणकारांना दाखवायची सोय असते. मी पहिल्या वर्षी नुसती स्वयंसेविका म्हणून गेले होते, पाण्याच्या बाटल्या वाटत. तिथे भेटलेल्या बंगाली मुलीने माझ्या पुढच्या दोन्ही फिल्मा एडिट केल्या.

नोकरी सोडायची तर मार्चमध्ये सोडू नकोस, बाय. गोव्यात मार्चनंतर उकाडा आणि मग पाऊस. काम थांबतं, पैसा थांबतो. सप्टेंबरात सोड. आणि त्याआधी सुट्टीच्या दिवसांत एक तरी पूर्ण कर, आठ मिनिटांची का असेना. अर्धवट तीन असण्यापेक्षा पूर्ण एक बरी.

खाजनवाला

हे खरं उत्तर. बाय, मुखार वच गो! (पुढे जा!)

साखळीकरीण

सगळ्यांचे मनापासून आभार. मी अख्खा धागा छापून नेला आणि रविवारी जेवणं झाल्यावर भावोजींच्या हातात दिला. त्यांनी चष्मा लावून ओळ अन् ओळ वाचली. आकड्यांच्या ठिकाणी पेनाने खुणा केल्या. परतीची_वाट यांचं वाचून झाल्यावर कागद खाली ठेवला आणि भाचीला विचारलं, "तू कुणावर करणारेस?" ती म्हणाली, "आजीवर." म्हणजे त्यांच्या आईवर. मग ते उठून मागच्या दारी गेले.

पुढचं तीच लिहिते म्हणतेय. नवीन सभासद झालीय, सांभाळून घ्या.

राखेची_पूड

नमस्कार. मी ती भाची.

आमची आजी ८३ वर्षांची. घरात वीज येऊन पन्नास वर्षं होत आली, पण ती रोज संध्याकाळी कंदिलाची काच पुसते. चुलीतली राख चिमूटभर घेते, जुन्या धोतराच्या चिंधीने आतून फिरवते, मग तोंडाची वाफ देते आणि परत पुसते. काच उजेडाकडे धरून एक डोळा मिटून बघते. कंदील पेटवत नाही. वात कधीच नाही त्यात. काच पुसून परत खुंटीला. मी लहानपणापासून बघतेय आणि का पुसतेस असं कधी विचारलं नाही. फिल्ममध्येही विचारणार नाही.

परतीची_वाट मावशी, तुमचं मी तीनदा वाचलं. आजीला चारदा विचारलं. पहिल्या तीन वेळा ती "कर गो, कर" म्हणाली. चौथ्यांदा म्हणाली, "माझे हात दाखव. तोंड नको, दात नाहीत." म्हणून फक्त हात. पहिला कट तिला दाखवीन, तुम्ही सांगितलंत तसं.

रानभूल ताई, मार्च रद्द. सप्टेंबर ठरला. तोपर्यंत ही आठ मिनिटांची पूर्ण करते.

काल पहिला दिवस होता. मी, एक मैत्रीण आणि उसना माईक. स्वयंपाकघराचा रिकामा आवाज घ्यायचा होता. मी आजीला समजावून सांगितलं, आईला सांगितलं, आत्यांना सांगितलं. बाबा सकाळपासून काही बोलले नव्हते. मी फ्रीज बंद करायला वळले तर तो बंदच होता. मिनिटभर सगळे गप्प. बाबा दारात, श्वास रोखून, एक पाय उंबऱ्यावर तसाच. मिनिट झालं, आम्ही सामान आवरलं. मग ते घाईने बाजाराला निघाले आणि सगळं घर शोधून आले. सदरा, खुंटी, देवाचा कोनाडा. शेवटी स्वतःशीच हसले आणि फ्रीज उघडला. स्कूटरची चावी लोणच्याच्या बरणीवर होती.

ध्वनीवाला

फ्रीज मग चालू केला ना कुणी?

राखेची_पूड

हो. बांगडे वाचले.